शिवणीतली माया

६ जानेवारी

लग्नाची तारीख ठरली. फेब्रुवारीचा शेवटचा दिवस. हिच्या मुलाचा फोन आला तेव्हा मीच उचलला. "आई आहे का?" तो म्हणाला. मी हिच्याकडे दिला आणि तिथेच उभा राहिलो. ही बराच वेळ "हो का, हो का" करत होती. शेवटी माझ्याकडे बघून तिने बोटांनी आकडा दाखवला, पण महिना बोटांनी दाखवता येईना, म्हणून तिने भिंतीवरचं कॅलेंडर उलटून बोट ठेवलं.

ही डायरी मला लाँड्रीच्या मालकाने दिली. साबणवाले त्याला दरवर्षी एक देतात, तो वापरत नाही. त्याच्या लाँड्रीत खिडकीजवळचा कोपरा माझा. एक मशीन, एक फळी, एक दिवा. पँटची लांबी कमी करणं, चेन बदलणं, कंबर सैल करणं. पूर्वी मी कोट शिवायचो. आता लोक तयार कोट घेतात आणि बाही आखूड करायला माझ्याकडे आणतात.

मुलाला काहीतरी द्यायचं आहे. काय ते कळत नाही.

११ जानेवारी

हिचं मत, पाकीट द्यावं आणि मोकळं व्हावं. तिकडे, त्याच्या नोकरीच्या शहरात, नवं घर लावायचंय, पैसेच उपयोगी पडतील. खरं आहे. पण पाकिटात घालण्यासारखं माझ्याकडे जे आहे ते पाकीट उघडल्यावर लगेच दिसेल.

संध्याकाळी मुलाच्या काकांचा फोन आला. हे त्याच्या वडिलांचे थोरले भाऊ. मुलाचे वडील तो लहान असतानाच गेले, मी नंतर आलो. काका भला माणूस. दर महत्त्वाच्या वेळी उभा राहतो आणि उभा राहिल्याचं दिसेल अशा जागी राहतो. त्यांनी फ्रिज द्यायचं ठरवलंय. दोघांचं एकच व्हायला नको म्हणून विचारत होते, तुम्ही काय देताय?

मी म्हटलं, बघतोय.

"फ्रिज नका बघू म्हणजे झालं," ते म्हणाले आणि हसले. मीही हसलो. मला फ्रिज कुठून परवडणार, हे दोघांनाही माहीत होतं.

१४ जानेवारी

दुपारी काम ठेवून बाजारात गेलो. घड्याळांच्या दुकानात दोनदा शिरलो, दोनदा बाहेर आलो. त्याच्या हातात घड्याळ आहे, माझ्या ऐपतीपेक्षा चांगलं. चामड्याची बॅग बघितली. शिवण कच्ची होती, एका प्रवासात उसवली असती. पेनांच्या दुकानातल्या बाईंनी विचारलं, कोणासाठी हवंय. मी म्हटलं, नवऱ्या मुलासाठी. त्या म्हणाल्या, तुमचा कोण?

"हिचा मुलगा," मी म्हटलं.

बाईंनी माझ्या मागे पाहिलं. मागे कोणी नव्हतं. मग मीही मागे पाहिलं. पेन न घेताच निघालो.

१५ जानेवारी

मालक म्हणतो, मास्तर, काल दुपारी गायब होतात आणि आज मशीनवर बसून भिंत बघताय. त्याने डिनर सेट सुचवला. त्याच्या लग्नात सात आले होते, त्यातला एक अजून बांधलेला आहे, हवा असेल तर देतो म्हणाला. मग मी निघताना म्हणाला, "आणि सरळ चाला जरा. जन्मभर त्या मशीनवर वाकून डावीकडे कलंडलात. लांबून कोणी बघितलं तर वाटतं, बादली घेऊन चाललाय."

घरी येईपर्यंत सरळ चाललो. मान दुखली.

१९ जानेवारी

त्याने मला आजवर कशानेच हाक मारलेली नाही. हे तक्रार म्हणून लिहीत नाही. मी या घरात आलो तेव्हा तो आठ वर्षांचा होता. काय म्हणायचं ते त्याला कोणी सांगितलं नाही आणि त्याने विचारलं नाही. काही हवं असलं की खोलीच्या दारापर्यंत यायचा, चौकटीवर बोट वाजवायचा आणि मी वर पाहिलं की बोलायला लागायचा. तुम्ही, तुमचं, तुम्हाला. इतक्या वर्षांत त्याला हाकेची गरज पडली नाही. हुशार आहे.

शाळा संपेपर्यंत त्याचे कपडे मी शिवले. नंतर शिकायला बाहेर गेला. पहिल्या सुट्टीत मी टेप काढली तर म्हणाला, "नको, तिकडे मिळतात." मी टेप गुंडाळून ठेवली. तिकडे मिळतात हे खरंच होतं.

२२ जानेवारी

पेटीच्या तळाशी कोटाचं कापड आहे. गडद निळं, लोकरी, त्या काळात मी घेऊ शकत होतो त्यातलं सगळ्यात वरचं. आमच्या लग्नासाठी घेतलं होतं, स्वतःला. शिवलं नाही. ऐन वेळी वाटलं, आठ वर्षांच्या पोरासमोर आपण नवरदेव होऊन काय उभं राहायचं. साधा शर्ट घालून गेलो, सही केली, परत आलो.

आज कापड काढून उजेडात धरलं. डांबराच्या गोळ्यांचा वास होता. एका कडेला कसरीने खाल्लंय, पण ती कड कापण्यात जाईल. बाकी कापड जसंच्या तसं. हातात घेतलं की अजून वजन लागतं.

याचा कोट होईल. त्याला.

हिने विचारलं, पेटी कशाला उघडली. मी म्हटलं, गोळ्या बदलायच्या होत्या.

२३ जानेवारी

सकाळपासून ठरवतोय आणि मोडतोय. कोट म्हणजे मापं आली. मापं घ्यायची म्हणजे सांगावं लागणार. सांगितलं की तो "नको" म्हणणार. त्याचा "नको" भांडणाचा नसतो. अगदी सौम्य असतो, त्यामुळे त्यावर पुढे काही बोलताच येत नाही.

न सांगता घ्यावीत. कशी?

ज्यांच्या हाताखाली मी शिकलो ते मास्तर म्हणायचे, डोळ्यावर विश्वास ठेवू नकोस, टेपवर ठेव. डोळ्याला माणूस आवडतो किंवा आवडत नाही, टेपला तसलं काही नसतं. अंदाजाने कापलेला कपडा ते सगळ्यांसमोर उसवायला लावायचे.

१ फेब्रुवारी

दोन दिवस मुलगा आणि त्याची होणारी बायको येऊन गेले. तिचं माहेर याच शहरात आहे, म्हणून ती संध्याकाळी तिकडे आणि दिवसा इथे. मला काका म्हणते. बरी वाटली. माझ्या मशीनबद्दल तिने विचारलं, तेल कुठलं घालता वगैरे. मुलगा म्हणाला, ती सगळ्यांनाच विचारते, लिफ्टवाल्यालासुद्धा. ती म्हणाली, त्याशिवाय लिफ्ट बंद पडली तर कळणार कसं?

काल सकाळी तो आंघोळीला गेला आणि मी त्याच्या खोलीत शिरलो. दारामागच्या खुंटीवर एक काळा शर्ट होता. पलंगावर पसरून मापं घेतली. मला कोणी बघितलं असतं तर काय सांगितलं असतं ते माहीत नाही. नळ बंद झाल्याचा आवाज आला तेव्हा छाती राहिली होती, ती घाईत घेतली.

पण शर्टाचं लिहायला हवं. तयार घेतलेला नाही, शिवलेला आहे. मूळचा पांढरा असावा, नंतर काळा रंगवलाय. कापडाने रंग घेतला, दोऱ्याने घेतला नाही, त्यामुळे आतून सगळीकडे पांढरे टाके दिसतात. कॉलर एकदा उलटून लावलेली आहे. काज हाताने केलेत. बटणाखाली दोऱ्याचे वेढे देऊन मान केलीय, हे आता कोणी करत नाही. आम्हाला म्हाताऱ्या मास्तरांनी शिकवलं होतं. म्हणजे त्यांच्या हाताखालचा कोणीतरी तिकडेही पोचलाय.

तर तिकडे त्याचा टेलर आहे. "तिकडे मिळतात" म्हणजे हे. आणि त्या माणसाने शिवलेला शर्ट इतका जुना झाला, तरी हा तो रंगवून वापरतो. शिवणाऱ्याला कळलं तर बरं वाटेल.

मला दिवसभर कशातच मन लागलं नाही.

३ फेब्रुवारी

मापं पुन्हा पुन्हा बघतोय. बाही मला आखूड वाटते. माझ्या डोळ्यासमोर त्याचे हात लांब आहेत. पण डोळ्यासमोर जो आहे तो टेबलावरून ताट उचलतानाचा आहे, आणि माप हे माप आहे.

दुसरं म्हणजे डावा खांदा. शर्टाचा डावा खांदा उजव्यापेक्षा खाली बसलाय, कापड तिथे तसंच ताणलंय. म्हणजे त्याचा डावा खांदा उतरता आहे. इतकी वर्षं घरात होता आणि मला हे दिसलं नाही. वडिलांकडून आलं असेल. हॉलमधला त्यांचा फोटो रोज मीच पुसतो. आज मुद्दाम जवळून पाहिला. छातीपर्यंतचाच आहे, खांदे सरळ दिसतात, पण फोटोवाले माणसाला सरळ बसवतात.

तिकडच्या टेलरने खांदा बरोबर पकडला होता. मी पकडला नव्हता. त्याच्या शाळेच्या सदऱ्यांना मी दोन्ही खांदे सारखे ठेवायचो.

५ फेब्रुवारी

कापलं.

सकाळी लाँड्रीत कोणी नसताना फळी पुसली, कापड पसरलं, खडूने आखलं, पुसलं, पुन्हा आखलं. मग कात्री हातात घेऊन उभा राहिलो. मालक आला, म्हणाला, मास्तर, पूजा चाललीय का ऑपरेशन? मी त्याला दार लावून घ्यायला सांगितलं. तो बाहेर जाऊन उभा राहिला आणि आलेल्या दोन गिऱ्हाइकांनाही त्याने बाहेर उभं केलं.

शिवणींत माया, म्हणजे पुढे उसवून वाढवता येईल असं कापड, जास्त सोडली. नेहमी सोडतो त्याच्या दुप्पट. बाहीच्या टोकाला, घेराला, पाठीत, सगळीकडे. मास्तर ओरडले असते. आत जास्त कापड राहिलं की शिवण जाड होते, बाहेरून फुगवटा दिसतो. ज्याला आपल्या मापाची खात्री नाही तोच एवढी माया सोडतो, ते म्हणायचे. मला खात्री नाहीच आहे.

८ फेब्रुवारी

कच्चे टाके झाले. कोट हँगरवर लटकतोय, एक बाही नसलेला. सारखं वाटतं, तो आधीच कोणाचा तरी आहे. मशीनवर बसलो की मागून कोणी बघतंय असं वाटतं. वळून बघितलं की तो.

डोळे दमतात. निळ्या कापडावर निळा टाका उजेड असेपर्यंतच दिसतो.

१२ फेब्रुवारी

हिने सहज सांगितलं, भाजी निवडताना. मुलाने तिकडे कोट बघून ठेवलाय. भाड्याचा. एका दिवसासाठी मिळतो, परत करायचा. हुशारी आहे, ही म्हणाली, एवढा खर्च करून घालणार कधी पुन्हा.

मी म्हटलं, बरोबर आहे.

मग मी उठून गॅलरीत गेलो, परत आलो, पाणी प्यायलो, पुन्हा गॅलरीत गेलो. ही म्हणाली, अहो, एका जागी बसा, मला गरगरायला लागलं.

१३ फेब्रुवारी

थांबावं का? अस्तर अजून लावलेलं नाही. पाकिटात काहीतरी घालता येईल, आणि कोट पेटीत ठेवून देता येईल. पण पेटीत ठेवायचा असेल तर कोणासाठी?

मालकाला सांगितलं. तो इस्त्री थांबवून म्हणाला, "मास्तर, भाड्याचे कोट आपल्याकडेच धुवायला येतात. आत काय काय निघतं ते मला विचारा. तुम्ही शिवा."

दुपारी अस्तर कापलं.

१७ फेब्रुवारी

काकांचा फोन. फ्रिज दोन दारांचा घेतलाय. तिकडे थेट घरी पोचवणार आहेत. तुमचं ठरलं का? मी म्हटलं, होत आलंय. "होत आलंय म्हणजे?" ते म्हणाले. मी म्हटलं, म्हणजे ठरत आलंय.

ही माझ्याकडे बघत होती. फोन ठेवल्यावर म्हणाली, तुम्ही त्या दिवशी घालणार काय? मी म्हटलं, आहे तो पांढरा. तिने विचारलं, इतक्या लोकांचं शिवता, स्वतःचं एक धड का शिवत नाही? मी तिला सांगितलं की टेलरला स्वतःचं माप घेता येत नाही. पाठीवर टेप धरायला दुसरा माणूस लागतो. माझे शर्ट मी जुना शर्ट पुढे ठेवून शिवत आलोय, त्यावरून पुढचा, त्यावरून त्याच्या पुढचा. माझं खरं माप काय आहे ते मला माहीतच नाही.

"मी धरते टेप," ती म्हणाली.

मी म्हटलं, आता वेळ नाही.

२१ फेब्रुवारी

काज हाताने केले. बटणांखाली मान केली. तिकडचा माणूस करतो, मग मी का नको? त्याने कधी दोन्ही शेजारी ठेवून पाहिलं तर फरक दिसू नये.

२३ फेब्रुवारी

झाला. मालकाने स्वतः वाफेची इस्त्री केली, पैसे घेतले नाहीत. प्लॅस्टिकचं कव्हर घातलं. त्यावर नेहमीसारखी चिठ्ठी लावायला गेला आणि थांबला. नाव काय घालू, म्हणाला. मी म्हटलं, नको घालूस.

मुलगा उद्या येतोय.

२४ फेब्रुवारी

हे नीट लिहायला हवं. नाहीतर उद्या मी काहीतरी वेगळंच आठवीन.

मुलगा आणि त्याची होणारी बायको दुपारी आले. चहा झाल्यावर मी कव्हर आणलं आणि त्याच्या हातात दिलं. त्याला वाटलं कोणाचंतरी दुरुस्तीचं काम आहे. कोणाचा, म्हणाला. मी म्हटलं, घाल.

त्याने घातला. बाही मनगटाच्या कितीतरी वर थांबली. पाठीत तो सैल झाला आणि डाव्या खांद्यावर कापड खळगा पडल्यासारखं बसलं. त्याने हात पुढे केले, मग हळूच मागे घेतले, म्हणजे बाही मला दिसू नये. "छान आहे," म्हणाला. "एकदम छान आहे."

इतक्या वर्षांत एवढा चुकलेला कपडा माझ्या हातून गेलेला नाही. शिकाऊ होतो तेव्हाही नाही.

ही उठली. तिने त्याच्या अंगातून कोट काढला, उलटसुलट पाहिला आणि माझ्यापुढे धरला. अहो, तुम्ही घाला बघू, म्हणाली. मी घालणार नव्हतो, पण तिने बाही धरूनच ठेवली होती. घातला. तो बसला. मी माझ्यासाठी इतका नीट बसलेला कपडा कधी घातला नव्हता. डावा खांदासुद्धा बसला.

हिला हसू आलं. मग ती हसायची थांबली आणि म्हणाली, कोणाच्या मापाने शिवलात? मी सांगितलं, त्याच्या काळ्या शर्टाच्या. खोलीत जाऊन घेतलं, हेही सांगावं लागलं.

"कोणता काळा?" तिने विचारलं.

मुलगा खाली बघत होता. त्याच्या होणाऱ्या बायकोने त्याच्या बॅगेतून शर्ट काढून हिच्या हातात दिला. हिने तो उलटा केला, आतले पांढरे टाके पाहिले आणि मला म्हणाली, अहो, हा तुमचा. तो जुना पांढरा, कॉलर मी उलटून मागितली होती तो. फडक्यांच्या गाठोड्यात टाकला होता मी. हा शिकायला गेला तेव्हाची गोष्ट. नंतर शोधला तर सापडला नाही.

"कापड चांगलं होतं," मुलगा म्हणाला.

मी हातात घेऊन पाहिलं. माझाच टाका. बटणांच्या माना मीच केलेल्या. मला ओळखू आला नाही याचंच मला जास्त वाईट वाटत होतं. कापड चांगलं होतं हे मात्र खरं, तसलं आता मिळत नाही. वसतिगृहात घालायला बरं म्हणून उचललं असेल.

त्याची होणारी बायको मला म्हणाली, "काका, हा मला तो धुवायलासुद्धा देत नाही. स्वतः धुतो."

मी म्हटलं, रंग जात असेल, बाकीच्या कपड्यांना लागेल. तिने माझ्याकडे पाहिलं, मग त्याच्याकडे पाहिलं.

मी कोट काढला. घडी घालायला लागलो. मी म्हटलं, काही हरकत नाही, भाड्याचा आहेच, तो घाल, चांगला असेल. मला लवकर तो कोट कव्हरमध्ये घालून दिसेनासा करायचा होता. कव्हरची चेन अडकली.

चौकटीवर बोट वाजलं. तो उठून दारापाशी जाऊन उभा होता, लहानपणी उभा राहायचा तसा. मी वर पाहिलं.

"माया आहे ना आत?" तो म्हणाला.

"आहे."

"किती?"

"नेहमीपेक्षा जास्त."

"मग उसवा. मी भाड्याचा रद्द करतो."

मी टेप आणली. तो खोलीच्या मधोमध उभा राहिला. मी न सांगता त्याने हनुवटी वर केली आणि हात अंगापासून जरा दूर धरले. शाळेच्या सदऱ्यांच्या वेळी मी हेच शिकवलं होतं. आता मला त्याच्या खांद्यापर्यंत पोचायला टाचा उचलाव्या लागल्या. तो गुडघ्यात किंचित वाकला.

त्याचे दोन्ही खांदे सरळ आहेत.

२६ फेब्रुवारी

काल आणि आज उसवत होतो. मालकाने माझी बाकीची कामं परत पाठवली. गिऱ्हाइकांना सांगितलं, मास्तरांच्या घरी लग्न आहे. तसं ते खरंच आहे.

बाहीतली सगळी माया उसवून बाहेर काढली. घेरातली काढली. पाठीतून घेतलं, डाव्या खांद्याखालचं पॅड काढून दुसरं घातलं. बाही आता मनगटाला येते. पण आधीची दुमड जिथे होती तिथे रेघ उरलीय. ओलं फडकं ठेवून वाफ दिली, ब्रश मारला, पुन्हा वाफ दिली. निळ्या कापडावर एक बारीक रेघ दिसते. दुसऱ्या कोणाला दिसणार नाही असं मालक म्हणतो. मला लाँड्रीच्या दारातून दिसते.

२८ फेब्रुवारी

लग्न झालं.

मी पांढरा शर्ट घालून गेलो. सकाळी हिने पाठीवरून हात फिरवून तो नीट केला. हॉलमध्ये कुठे उभं राहायचं कळेना, म्हणून खुर्च्या मांडणाऱ्या माणसाला मदत करत होतो. हिने दोनदा बोलावलं.

काका लवकर आले. त्यांनी मुलाला मिठी मारली, मग हातभर लांब धरून पाहिलं. कोट छान आहे रे, म्हणाले. कुठे शिवलास?

"घरी," तो म्हणाला.

काकांनी माझ्याकडे पाहिलं. मग ते म्हणाले, मला वाटलं तिकडून घेतलास, आजकाल कोणी शिवतं का. मी बाहीकडे बघत होतो. खिडकीचा उजेड नेमका रेघेवर पडला होता. मला त्याला जरा बाजूला सरक म्हणायचं होतं.

त्याने बटण काढलं, कोटाची बाजू उघडून धरली आणि काकांना अस्तराखाली बोट घालून शिवण दाखवली. "हे बघा," म्हणाला. "बाहीतली सगळी लागली. इथे पाठीत अजून आहे. मी जाडा झालो तरी पुरेल."

काका वाकून बघत होते. त्यांना त्यातलं काही कळलं नसावं, पण ते बराच वेळ बघत राहिले. मग त्यांनी स्वतःच्या कोटाची बाजू उघडून पाहिली. तयार घेतलेला होता. आत काही नव्हतं.

बाकी सगळं व्यवस्थित झालं. जेवण थोडं थंड होतं.

१ मार्च

ते गेले. त्याची खोली हिने झाडली. दारामागची खुंटी रिकामी आहे. मी गाठोड्यातही पाहिलं, चुकून तो काळा शर्ट तिथे टाकला असेल तर. नव्हता.

टेप हातात घेऊन ही माझ्या मागे लागलीय. उद्या बघू म्हटलं.

९ मार्च

घर सुनं आहे. कामात लक्ष नाही. एका बाईच्या पँटची लांबी एका पायाला जास्त कमी केली, फुकट नवीन पट्टी लावून दिली. मालक म्हणाला, मास्तर, आता कसली काळजी राहिलीय? हात काहीतरी शोधत असल्यासारखे होतात.

संध्याकाळी फोन वाजला, मी उचलला. हिला द्यायला म्हणून स्वयंपाकघराकडे निघालोही होतो. तो म्हणाला, "ती बाहीची रेघ अजून दिसते."

मी उभा राहिलो. मी म्हटलं, ओलं फडकं ठेव आणि वाफ दे, दाबू नकोस, नुसती इस्त्री वर धर. तो म्हणाला, केलं, जमत नाही. मी विचारलं, फडकं सुती आहे ना? सुतीच आहे, म्हणाला. मग मी विचारलं, इस्त्री कुठली, पाणी किती, कोट टांगतोस कसा, हँगर रुंद आहे का. त्याने सगळं सांगितलं. कोट घालून तो परवा ऑफिसला गेला होता. लोकांनी विचारलं. फ्रिज आलाय, पण दारातून आत जात नव्हता, त्याचं एक दार काढावं लागलं. मी हसलो. तोही हसला. मग म्हणाला, कोट घेऊन येतो पुढच्या महिन्यात, तुम्हीच बघा.

मी म्हटलं, आण. घाई करू नकोस, पण आण.

फोन ठेवला. आतून हिने विचारलं, कोणाचा होता. तेव्हा लक्षात आलं, तिला द्यायचा राहिला.